आजची घरे आणि हरवलेली खिडकी

अन्न, वस्त्र आणि निवारा या माणसाच्या तीन मूलभूत गरजा आहेत, असे आपण शाळेपासून शिकत आलो. पहिल्या दोन गरजांच्या बाबतीत आपण पुष्कळ चोखंदळ झालो आहोत. आपला जिल्हा धानाचा. तांदूळ घेताना बायाबापड्यादेखील दाणा तळहातावर घेऊन पाहतात. कापड घेताना ते चुरगाळून पाहतात. पण ज्यात जन्माची कमाई जाते ते घर मात्र आपण फारसे न तपासता बांधून टाकतो. "घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून" अशी म्हण आहे. त्यातला खर्च आणि दगदग आपल्या लक्षात राहते. घर कोणासाठी आणि कोणत्या हवामानात बांधायचे आहे, हा प्रश्न मागे राहतो.

आम्ही कला शाखेचे पदवीधर. भंडारा जिल्ह्यात एका बँकेत कारकून आहोत. बांधकामशास्त्र शिकलेलो नाही. तरी गेली अनेक वर्षे गृहकर्जाच्या फायली आमच्या टेबलावरून जात आहेत, त्यामुळे घरांचे नकाशे पुष्कळ पाहिले. फायलीत जागेचे कागद असतात, उत्पन्नाचा दाखला असतो, वकिलाचा अहवाल असतो, इंजिनिअरचे अंदाजपत्रक आणि मंजूर नकाशा असतो. बँक सगळे तपासते, कारण तिला कर्ज वसूल करायचे असते. त्या घरात मे महिन्यात म्हातारी माणसे झोपू शकतील काय, मुलांना दिवा न लावता वाचता येईल काय, हे विचारणारा रकाना कोणत्याही अर्जात नाही. आम्हीही तो प्रश्न कधी विचारला नाही. स्वतःचे घर बांधताना सुद्धा विचारला नाही, आणि त्याची किंमत मोजली.

आमच्या घराची गोष्ट

काही वर्षांपूर्वी आम्ही कर्मचाऱ्यांसाठीचे कर्ज घेऊन तीस बाय पन्नासच्या प्लॉटवर घर बांधले. शेजारच्यांचे पाहून आम्हीही समोर मोठी गॅलरी, काच आणि रंगीत टाइल्स लावल्या. बाजूची मोकळी जागा कमी करून खोल्या वाढवल्या. नकाशा आईला दाखवला तेव्हा तिने एकच गोष्ट विचारली, "बाबू, यात हवा कोठून येईल?" आम्ही हसून म्हणालो, "आई, कुलर आहे ना!"

पहिल्याच मे महिन्यात उत्तर मिळाले. झोपण्याची खोली पश्चिमेला, वर उघडा स्लॅब. रात्री दहा वाजतासुद्धा भिंतीला हात लावला की चटका बसे. कुलर लावला तर अंग चिकट होई, कारण आलेली हवा बाहेर जायला समोर खिडकीच नव्हती. चौथ्या दिवशी आईने खाट उचलून गाडी ठेवण्याच्या जागेत नेली आणि उन्हाळाभर ती तेथेच झोपली. नव्या घराचा हप्ता वीस वर्षांचा आणि घराची मालकीण गाडीशेजारी! तेव्हापासून आम्ही या विषयावर थोडे वाचू लागलो, मिस्त्री लोकांना आणि जाणकार इंजिनिअर मंडळींना विचारू लागलो. त्यातून जे समजले ते समाजबांधवांपुढे आणि विद्यार्थ्यांपुढे ठेवीत आहोत.

जुने घर काय करीत होते

आमच्या पिढीतल्या बहुतेकांचे बालपण कवेलूच्या घरात गेले. दीड-दोन फूट जाडीच्या मातीच्या भिंती, वर लाकडाचा आढा आणि कवेलू, पुढे सपरी, मागे सांदवाडी, अंगणात एखादे कडुनिंबाचे झाड. या प्रत्येक गोष्टीचे काम ठरलेले होते. जाड मातीची भिंत दिवसभराचे ऊन हळूहळू पिते, त्यामुळे बाहेरची उष्णता आत पोचेपर्यंत संध्याकाळ उलटून जाते. कवेलूंच्या फटींतून वर चढलेली गरम हवा निसटून जाते. कवेलू हलके असल्याने सूर्य मावळताच लवकर निवतात. सपरीमुळे भिंतीवर थेट ऊन पडत नाही आणि पावसाचा झोडपा आत येत नाही. अंगणातल्या झाडाच्या सावलीतली हवा घरात शिरते. हे शास्त्र कोणी पुस्तकातून शिकले नव्हते, पिढ्यांच्या अनुभवातून ते आले होते.

परंतु जुने ते सगळे सोने, असे आम्ही म्हणत नाही. दरवर्षी पावसाळ्यापूर्वी कवेलू फेरावे लागत. घरात साप-विंचू निघत, चुलीच्या धुराने माउलींचे डोळे जात. आपल्या वस्त्यांत तर अशी जाड भिंतींची आणि अंगणाची घरेही थोड्यांनाच होती. बहुतेकांच्या वाट्याला कुडाची भिंत आणि गवताचे छप्पर आले, तेही गावाच्या कडेला. त्यामुळे आपल्या माणसाने स्लॅबचे घर बांधले तेव्हा त्याने केवळ छप्पर बदलले नाही, गावात मान उंच केली. हा मान आम्हांला मोलाचा वाटतो. मातीत परत जा, असे सांगणारा हा लेख नाही.

जुन्या बांधकामाचा दुसरा धोका ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे साऱ्या महाराष्ट्राने पाहिला. लातूर-उस्मानाबाद भागात किल्लारीच्या भूकंपात सुमारे आठ हजार माणसे गेली. मातीत रचलेल्या दगडाच्या जाड भिंती आणि वरचे मातीचे जड माळवद झोपेतल्या माणसांवर कोसळले. भिंत जाड असली म्हणजे ती मजबूत असतेच असे नाही, हे त्या रात्रीने शिकविले. सिमेंट आणि लोखंड आले हे चांगलेच झाले. तक्रार सिमेंटविषयी नाही. सिमेंट आल्यावर आपण विचार करणे सोडले, ही तक्रार आहे.

सूर्याचा हिशेब

विद्यार्थी मित्रांनी येथे भूगोलाचे पुस्तक आठवावे. भंडारा विषुववृत्ताच्या उत्तरेला सुमारे २१ अंशांवर आहे. उत्तरायणात सूर्य साडेतेवीस अंशांपर्यंत येतो. म्हणून मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात एका दिवशी भर दुपारी सूर्य नेमका आपल्या डोक्यावर असतो आणि उभ्या काठीची सावली पडत नाही. उन्हाळ्यात सर्वांत जास्त मार छपरावर का बसतो, ते यावरून समजेल. त्याखालोखाल सकाळी पूर्वेच्या आणि दुपारनंतर पश्चिमेच्या भिंतीवर ऊन येते. दक्षिणेची भिंत उन्हाळ्यात फारशी तापत नाही, मात्र थंडीत सूर्य दक्षिणेकडे कलतो तेव्हा तिच्यावर हवेहवेसे ऊन येते. एवढ्या माहितीतून घराचा अर्धा नकाशा तयार होतो.

आता आपण काय करतो ते पाहू. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या घरात जातो. ज्या छपरावर सर्वांत जास्त ऊन, तेथे आपण चार-पाच इंचांचा काँक्रीटचा स्लॅब टाकतो आणि तो उघडा ठेवतो. दुपारी त्याचा पृष्ठभाग साठ अंशांपर्यंत तापू शकतो. काँक्रीटमधून उष्णता मातीपेक्षा लवकर आत उतरते आणि स्लॅब पातळ असल्याने ती काही तासांतच खोलीत येते. दिवसभर साठलेली उष्णता तो रात्री आपल्या अंगावर सोडतो. कवेलू संध्याकाळी निवत होते, स्लॅब मध्यरात्रीपर्यंत तापत राहतो. पूर्वीची उंच छपरे जाऊन खोलीची उंची कमी झाली, त्यामुळे ही भट्टी डोक्याच्या आणखी जवळ आली.

गमतीची गोष्ट अशी की, वास्तुशास्त्राच्या नावाखाली लोक दिशा फार विचारतात. स्वयंपाकघर कोणत्या कोपऱ्यात, तिजोरीचे तोंड कोणीकडे, यासाठी पैसे मोजतात आणि बांधलेली भिंत पाडतात. पण चार वाजताचे ऊन कोणत्या भिंतीवर येते, हे फुकट दिसणारे सत्य कोणी पाहत नाही.

कुलरचेही असेच आहे. पाण्याची वाफ होताना ती हवेतील उष्णता घेते, म्हणून कुलरची हवा गार लागते. पण ती ओलसर असते. ती जितकी आत येईल तितकी हवा बाहेर जायला समोर वाट पाहिजे. वाट नसेल तर खोलीत दमटपणा साठतो, घाम वाळत नाही आणि माणूस गुदमरतो. मग कुलर जाऊन एसी येतो आणि विजेचे बिल वाढते. घराचा हप्ता वीस वर्षांनी संपेल, चुकीच्या नकाशाचा हप्ता मात्र घर उभे असेपर्यंत विजेच्या बिलातून जात राहील.

हे असे का झाले

याची कारणे अनेक आहेत. पहिले कारण म्हणजे नक्कल. नागपूर-मुंबईच्या इमारतींचा दर्शनी भाग पाहून आपण तो तसाच उचलतो. दुसरे कारण जागेचा हव्यास. बांधकाम चौरस फुटांवर मोजले जाते, म्हणून सपरी, अंगण, बाजूची मोकळी जागा हे सारे वाया गेल्यासारखे वाटते. दोन घरांच्या भिंती एकमेकींना टेकल्या की दोन्ही घरांच्या खिडक्या जातात. तिसरे कारण, नकाशा काढणे हे परवानगीपुरते उरले. नकाशा नगरपालिकेत किंवा ग्रामपंचायतीत लागतो म्हणून काढतात, बांधकाम ठेकेदाराच्या सोयीने होते. चौथे कारण, वीज आली आणि पंखा, कुलर, एसी यांच्या भरवशावर वाऱ्याला कोणी विचारेनासे झाले.

काँक्रीटच्या वास्तुकलेत ज्यांचे नाव मोठे, त्यांनी मात्र हवामान सोडले नव्हते. चंडीगड शहर उभारणारे फ्रेंच वास्तुशिल्पी ल कॉर्बुझिए यांनी तेथील इमारतींवर काँक्रीटच्याच खोल पडद्या बसवून ऊन अडविले. आपण काँक्रीट घेतले आणि सावली सोडून दिली. आपल्या देशातले चार्ल्स कोरिया यांनी १९६१-६२ च्या सुमारास अहमदाबादेत 'ट्यूब हाऊस' नावाचे छोटे घर बांधले होते. त्याचे छप्पर उतरते, आणि गरम हवा वर चढून शेंड्याच्या झरोक्यातून बाहेर जाईल अशी योजना. ते घर आता उरलेले नाही, पण त्यातले तत्त्व कोणत्याही गरीब माणसाच्या घरात वापरता येईल. इंग्लंडहून येऊन केरळात स्थायिक झालेले लॉरी बेकर (१९१७-२००७) यांनी विटा उभ्या रचून मधे पोकळी ठेवण्याची पद्धत रुजविली. तीत विटा कमी लागतात आणि पोकळीमुळे उष्णताही अडते. हे सारे नवीनच बांधकाम आहे. नवे आणि वाईट हे एकच, असे समजण्याचे कारण नाही.

खिडकीचा जुना विचार

राहण्याच्या जागेचा विचार आपल्या परंपरेत किती बारकाईने झाला आहे, हे पाहून आम्हांला आश्चर्य वाटले. विनयपिटकातील चुल्लवग्गात भिक्षूंच्या निवासाविषयी एक संपूर्ण प्रकरण आहे. राजगृहाच्या एका श्रेष्ठीने एका दिवसात साठ निवास बांधून दिल्याची हकीकत त्यात येते. पुढे अडचणी निघाल्या. निवासांना खिडक्या नव्हत्या, आत उजेड नव्हता, दुर्गंधी येई. तेव्हा तीन प्रकारच्या खिडक्या ठेवण्याची अनुज्ञा दिली गेली. एक कठड्याची, एक जाळीची आणि एक उभ्या काड्यांची. खारी आणि वटवाघळे आत शिरू लागली तेव्हा पडद्याचीही सोय झाली. खिडकीला पालीत 'वातपान' म्हणतात. त्या शब्दाचा पहिला भागच 'वात' म्हणजे वारा आहे. एका दिवसात साठ घरे बांधणाऱ्याकडून जी चूक झाली, तीच चूक आज झटपट बांधकामात आपल्याकडून होते. फरक एवढाच की तेव्हा राहणाऱ्यांची तक्रार ऐकून खिडकी केली गेली.

जुन्या विहारांची रचनाही अभ्यासण्यासारखी आहे. नालंदाच्या अवशेषांत मधे चौक, चौकाभोवती ओवरी आणि ओवरीत उघडणाऱ्या खोल्या दिसतात. पाणी वाहून जायला नाली आहे. चौकातून उजेड आणि वारा, ओवरीतून सावली. आपल्या पवनीला जगन्नाथ टेकडीवर १९६९-७० साली नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व खात्याने उत्खनन केले, तेव्हा दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचा विटांचा स्तूप मिळाला. कठड्याच्या दगडांवर दान देणाऱ्यांची नावे कोरलेली आढळली. वैनगंगेच्या काठी राहणाऱ्या माणसांना चांगली वीट भाजता येत होती आणि ती नीट रचताही येत होती, हे त्यावरून समजते. आपल्या जिल्ह्याला बांधकामाची अक्कल बाहेरून आणावी लागलेली नाही.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दादरच्या हिंदू कॉलनीत 'राजगृह' बांधले ते १९३० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत. घर बांधण्यापूर्वी त्यांनी वास्तुकलेचे ग्रंथ मिळवून वाचले आणि बांधकामावर स्वतः लक्ष ठेवले. तळमजल्यावर कुटुंब आणि वर ग्रंथालय, अशी त्यांची योजना होती. आपल्याला काय करायचे आहे हे आधी ठरले आणि त्याप्रमाणे घर झाले. पुढे औरंगाबादला (आताचे छत्रपती संभाजीनगर) मिलिंद महाविद्यालयाची इमारत उभी राहताना त्यांनी असेच जातीने लक्ष घातले. त्या इमारतीची कोनशिला १ सप्टेंबर १९५१ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते बसली. इतक्या कामांच्या व्यापात ज्यांना नकाशा पाहायला वेळ मिळाला, त्यांचे नाव घेणाऱ्यांनी नकाशावर डोळे मिटून सही करू नये.

सार्वजनिक इमारती आणि एक रात्र

घर चुकले तर एका कुटुंबाला त्रास होतो. सार्वजनिक इमारत चुकली तर काय होऊ शकते, याची आठवण आपल्या जिल्ह्याला कोणी करून द्यायला नको. ९ जानेवारी २०२१ च्या मध्यरात्रीनंतर दीड-दोनच्या सुमारास भंडारा जिल्हा सामान्य रुग्णालयाच्या नवजात शिशूंच्या विशेष कक्षात आग लागली. तेथे १७ बालके होती. सात वाचली, दहा गेली. त्यांपैकी तीन भाजून आणि सात धुराने गुदमरून दगावली, असे तेव्हाचे आरोग्यमंत्री राजेश टोपे यांनी सांगितले होते. ज्या मातांची बाळे गेली, त्या गरीब घरांतल्या, खेड्यापाड्यांतून आलेल्या होत्या. त्याच वर्षी ६ नोव्हेंबरला अहमदनगरच्या (आताचे अहिल्यानगर) जिल्हा रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात आग लागून ११ रुग्ण गेले.

जबाबदारी कोणाची हे ठरविण्यासाठी शासनाच्या चौकशा झाल्या. त्यात शिरण्याचा आमचा अधिकार नाही. पण एक गोष्ट प्रत्येकाने समजून घ्यावी. बंद जागेत ज्वाळेपेक्षा धूर आधी माणसाला मारतो. धूर वर चढून आधी छताखाली साठतो आणि मग थरथराने खाली उतरतो. जुन्या सरकारी इमारतींत छत उंच असे, छताजवळ झरोके असत आणि भोवती व्हरांडा असे. तेथे धुराला वर वाट होती आणि माणसाला पळायला थोडा वेळ होता. आजच्या खोल्या ठेंगण्या, एसीसाठी बंद केलेल्या आणि विजेच्या यंत्रांनी भरलेल्या असतात. यंत्रे वाढली म्हणजे वायरींवरचा भार वाढतो आणि आगीची शक्यताही वाढते. अशा खोलीला धूर कळविणारे यंत्र, धूर बाहेर काढण्याची सोय आणि दुसरे दार ही नकाशातच हवीत. इमारत बांधून झाल्यावर सिलिंडर टांगल्याने ही उणीव भरून निघत नाही.

कायदा नाही असे नाही. महाराष्ट्रात आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजनांचा अधिनियम २००६ चा आहे. देशाची राष्ट्रीय इमारत संहिता १९७० साली प्रथम निघाली आणि १९८३, २००५ व २०१६ साली सुधारली गेली. तिच्यात उजेड, वारा आणि आग यांवर सविस्तर प्रकरणे आहेत. आपल्याकडे पुस्तक आहे, ते उघडून विचारणारा नागरिक नाही.

बांधण्यापूर्वी विचारायचे प्रश्न

घर बांधणाऱ्या समाजबांधवांनी मिस्त्री आणि इंजिनिअर यांच्याजवळ पुढील प्रश्न अवश्य विचारावेत. यांतल्या बऱ्याचशा गोष्टींना जास्तीचा पैसा लागत नाही, वेळीच विचारणे लागते.

१. वारा कोठून येणार आणि कोठून जाणार? प्रत्येक खोलीला दोन बाजूंना उघडी वाट हवी. दुसरी खिडकी शक्य नसेल तर छताजवळ झरोका ठेवावा. संहितेप्रमाणे कोरड्या उष्ण हवामानात खिडक्यांचे क्षेत्र खोलीच्या किमान एक-दशांश आणि दमट उष्ण हवामानात एक-षष्ठांश हवे. दहा बाय बाराची खोली म्हणजे १२० चौरस फूट. तिला एका हिशेबाने १२ आणि दुसऱ्या हिशेबाने २० चौरस फूट उघडी जागा पाहिजे. आपल्याकडे मे कोरडा आणि जुलै दमट, म्हणून जास्तीचा हिशेब धरावा.

२. पश्चिमेला काय आहे? तेथे जिना, संडास-न्हाणी, सामानाची खोली ठेवावी. झोपण्याची किंवा अभ्यासाची खोली ठेवू नये. जागा असेल तर त्या बाजूला झाड लावावे.

३. स्लॅबवर काय टाकणार? विटांच्या तुकड्यांचा उतार दिलेला कोबा करून वर पांढरी फरशी बसवली तर उष्णता अडते आणि गळतीही थांबते. तेवढी ऐपत नसेल तर दर उन्हाळ्याच्या सुरुवातीला चुन्याचा पांढरा हात द्यावा. २०१० च्या उष्णतेच्या लाटेत बरेच बळी गेल्यानंतर अहमदाबादने २०१३ साली उष्णतेपासून बचावाचा आराखडा तयार केला. पुढे तेथे गरीब वस्त्यांतील छपरे पांढरी करण्याचे काम हाती घेतले गेले.

४. प्रत्येक खिडकीवर पुरेसा छज्जा आहे काय? दोन फुटांचा छज्जा ऊनही अडवितो आणि पाऊसही. दर्शनी भाग सपाट दिसावा म्हणून छज्जा काढून टाकणे हे आपल्या हवामानात शहाणपणाचे नाही.

५. जोते किती उंच? ऑगस्ट २०२० च्या अखेरीस वैनगंगेच्या पुराने काय केले ते भंडारेकरांनी पाहिले आहे. आधी जागा कोठे आहे ते पाहावे, मग जोत्याची उंची ठरवावी.

६. पाणी किती दिवस मारणार? काँक्रीटला किमान सात दिवस आणि उन्हाळ्यात किंवा राखमिश्रित सिमेंट असल्यास किमान दहा दिवस सतत ओलावा लागतो. स्लॅबवर आळी करून पाणी साठवून ठेवावे. पुष्कळ घरांच्या भेगा आणि गळती येथूनच सुरू होते.

७. आग लागली तर बाहेर कसे पडणार? सर्व खिडक्यांना पक्क्या जाळ्या आणि दाराला एकच कुलूप, अशी स्थिती नसावी. एक तरी जाळी आतून उघडणारी असावी. अर्थिंग आणि विजेचा झटका बसताच प्रवाह तोडणारा स्विच यांत काटकसर करू नये.

८. म्हातारी आणि अपंग माणसे आत कशी येणार? पायऱ्यांच्या बाजूला उतार ठेवायला फार खर्च येत नाही.

लहान घराला तर हे प्रश्न आणखी महत्त्वाचे आहेत. प्रधानमंत्री आवास योजनेच्या ग्रामीण घरासाठी २०१६ साली किमान २५ चौरस मीटर, म्हणजे २६९ चौरस फूट क्षेत्र आणि सपाट प्रदेशात १ लाख २० हजार रुपये साहाय्य ठरले. आपल्या समाजासाठी राज्याची रमाई आवास योजना आहे. एवढ्या जागेत एक खिडकी चुकली तर माणसाला सरकायला दुसरी खोली नसते. घरकुलाचा हप्ता हाती आला की घाईने चार भिंती उभ्या करू नयेत. एक दिवस सकाळ, दुपार, संध्याकाळ मोकळ्या प्लॉटवर उभे राहून ऊन आणि वारा पाहावा. हा अभ्यास फुकट आहे.

आपली सभागृहे, आपल्या अभ्यासिका

शेवटी आपल्या स्वतःच्या इमारतींविषयी दोन शब्द. वस्त्यावस्त्यांत वर्गणीतून आणि निधीतून सभागृहे उभी राहिली आहेत. त्यामागे पुष्कळांचे कष्ट आहेत. आमच्या माहितीतल्या एका सभागृहात एका बाजूच्या खिडक्या पुढे गाळे काढण्यासाठी बुजविल्या गेल्या. दुसऱ्या बाजूच्या खिडक्यांसमोर शेजारच्या घराची भिंत आली. वर टिनाचे पत्रे. त्याच सभागृहात उन्हाळ्यात स्पर्धा परीक्षांची मुले बसतात. एका विद्यार्थ्याने आम्हांला सांगितले की, दुपारी बारा ते पाच अभ्यास होत नाही, डोके दुखते. दिवसाचे पाच तास म्हणजे एका उन्हाळ्यात किती तास झाले, याचा हिशेब बँकेतल्या माणसाला सांगावा लागत नाही. ज्या मुलाच्या घरी एसी आहे त्याचे हे तास वाया जात नाहीत. आपल्या मुलांचे जातात. इमारतीचा नकाशा हा असा मुलांच्या गुणपत्रिकेपर्यंत पोचतो.

म्हणून आमची नम्र सूचना आहे. कोणतेही सभागृह, अभ्यासिका किंवा वसतिगृह बांधण्यापूर्वी त्याचा नकाशा महिनाभर फलकावर लावावा. तेथे बसणाऱ्या विद्यार्थ्यांना, स्वयंपाक करणाऱ्या भगिनींना आणि वृद्धांना तो समजावून सांगावा आणि त्यांच्या हरकती लिहून घ्याव्यात. समाजातील जी मुले स्थापत्यशास्त्र आणि वास्तुकला शिकत आहेत, त्यांनी सुटीत गावी आल्यावर लोकांचे नकाशे पाहून द्यावेत. ही सेवा रक्तदानाइतकीच मोलाची ठरेल. देणगीदारांच्या नावाची पाटी जरूर लावावी, परंतु पाटीसाठी खिडकी बुजवू नये.

आमच्या घराचे पुढे काय झाले, हे सांगून लेख पुरा करतो. दोन वर्षे उकाडा सोसल्यावर आम्ही पूर्वेची भिंत फोडून खिडकी बसविली, पश्चिमेला छताजवळ दोन झरोके काढले आणि स्लॅबवर कोबा करून पांढरी फरशी टाकली. भिंत फोडायला जो खर्च आला तो बांधताना नुसती खिडकी ठेवायला आला असता त्याच्या कितीतरी पट झाला. घर अजूनही मेमध्ये तापते, पण रात्री दहापर्यंत निवते आणि कुलरही काम करतो. त्या उन्हाळ्यात आईने खाट पुन्हा आत आणली. ती काही बोलली नाही. आम्हीच मनाशी ठरविले की, यापुढे गृहकर्जाची फाईल घेऊन कोणी टेबलासमोर बसला की कागद तपासून झाल्यावर आईचा प्रश्न त्याला विचारायचा. अर्जात रकाना नसला तरी चालेल. वाचकांनीही घर बांधणाऱ्या आपल्या प्रत्येक माणसाला तो प्रश्न विचारावा, एवढीच विनंती.